नारळीकर, जयंत विष्णु

(१९ जुलै १९३८ – २० मे २०२५). विश्वविख्यात खगोलशास्त्रज्ञ आणि मराठी विज्ञानकथेला वाङ्मयीन प्रतिष्ठा मिळवून देणारे लेखक. जन्म कोल्हापूरचा, परंतु वडील विष्णु वासुदेव हे काशी हिंदू विश्वविद्यालयात गणिताचे प्राध्यापक असल्यामुळे शिक्षण काशीस झाले. पुढे केंब्रिज येथे फ्रेड हॉइल यांच्या हाताखाली संशोधन करून त्यांनी गुरूंसमवेत गुरुत्वाकर्षणाचा नवा सिद्धांत १९६४ साली मांडला. पद्मभूषण १९६५ मध्ये, पद्मविभूषण २००४ मध्ये. पुण्यातील ‘आयुका’ या संस्थेचे ते संस्थापक-संचालक होते.

हॉइल स्वतः विज्ञान-कादंबऱ्या लिहीत. शिष्याने तो वारसा मायबोलीत आणला. मराठी विज्ञान परिषदेच्या १९७४ सालच्या कथास्पर्धेस ‘कृष्णविवर’ ही कथा पाठविताना, आपल्या कीर्तीचा परीक्षकांवर भार पडू नये म्हणून, नावाची आद्याक्षरे उलटी फिरवून त्यांनी नारायण विनायक जगताप हे नाव धारण केले, आणि अक्षरही ओळखू येऊ नये म्हणून मजकूर पत्नी मंगला यांच्या हस्ते लिहवून घेतला. कथेस प्रथम पारितोषिक मिळाले. १९७५ च्या कराड साहित्य संमेलनात अध्यक्षा दुर्गा भागवत यांनी या नव्या लेखनाचा गौरवपूर्वक उल्लेख केला, तेव्हा विज्ञानकथेला साहित्याच्या दरबारात प्रवेशाची जणू सनदच मिळाली. ‘यक्षांची देणगी’, ‘प्रेषित’, ‘वामन परत न आला’ ही त्यांची प्रसिद्ध पुस्तके. पानिपतावर मराठे विजयी झाले असते तर, या कल्पनेवर रचलेली ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ ही कथा इतिहास आणि भौतिकशास्त्र यांचा जो मेळ घालते, तो मराठीत आजही अजोड आहे. ‘चार नगरांतले माझे विश्व’ या आत्मचरित्रास साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला (२०१४).

त्यांच्या कथांचे खरे सामर्थ्य चंद्रपूर-गडचिरोलीच्या अरण्यमुलखातील वाचकास विशेष उमगावे. २ एप्रिल २०२२ रोजी, गुढीपाडव्याच्या रात्री, या मुलखाच्या आकाशातून जळते गोळे सरकत गेले आणि सिंदेवाही तालुक्यातील लाडबोरी येथे धातूचे भले मोठे कडे येऊन पडले. सरकारी अंमलदारांनी ते ताब्यात घेतले, आणि पुढे तो चिनी अग्निबाणाचा अवशेष असावा असे अनुमान तज्ज्ञांनी काढले. आकाशातून आलेल्या वस्तूकडे भयाने पाहावे की जिज्ञासेने, हाच प्रश्न नारळीकरांनी ‘धूमकेतू’ या कथेत किती तरी आधी घेतला होता. हौसेने आकाश न्याहाळणाऱ्या एका गृहस्थास नवा धूमकेतू गवसतो. तो पृथ्वीवर आदळणार हे गणिताने सिद्ध झाल्यावर देशोदेशींचे वैज्ञानिक गुप्तपणे खटपट करून त्याचा मार्ग वळवितात. आणि इकडे त्या गृहस्थाच्याच घरी, संकट टळले ते आपण केलेल्या यज्ञामुळे, असे समाधान मानले जाते.