वैलावरचा घेवडा आणि सोमवारचा भात



अमेरिकेतला ‘रेड बीन्स अँड राइस’ स्लो कुकरमध्ये कसा करायचा आणि तो आपल्याला चालतो का, असे गेल्या महिन्याभरात तिघींनी विचारले. चालतो. पण कृतीच्या आधी थोडा इतिहास सांगते, कारण या पदार्थातला मुख्य दाणा आपल्या कोरेगावच्या बाजारात पोत्यांनी येतो आणि हे कोरेगावात राहणाऱ्या पुष्कळ जणींनाही ठाऊक नसते.

आपण ज्याला घेवडा म्हणतो तोच दिल्लीकडचा राजमा. वाठार स्टेशन, पिंपोडे, देऊर या उत्तर कोरेगावच्या पट्ट्यात तो मृगाच्या पावसावर पेरतात. अडीच महिन्यांत रान मोकळे होते आणि मग त्याच रानात शाळू पडतो. नवा घेवडा बाजारात येतो तो साधारण आपल्या पर्युषणाच्या दिवसांत. त्यातला जुना, इथला खास दाणा म्हणजे वाघ्या. फिकट गुलाबी अंगावर लालसर पट्टे, म्हणून वाघ्या. २०१६ मध्ये त्याला भौगोलिक मानांकन मिळाले. पण बहुतेक माल उत्तरेकडे जातो आणि तिकडच्या ताटात तो नुसता राजमा होतो. कोरेगावचे नाव पोत्यावरच राहते!

हा दाणा मूळचा आपला नव्हे. जुन्या संस्कृत ग्रंथांत ‘राजमाष’ शब्द आहे खरा, पण तो चवळीसाठी. आजचा राजमा मेक्सिकोकडे आणि दक्षिण अमेरिकेतल्या अँडीज डोंगरांत, अशा दोन ठिकाणी वेगवेगळा लागवडीत आला. कोलंबसानंतर युरोपीय जहाजांतून तो जगभर फिरला, तसाच मिरची, टोमॅटो, भुईमूग यांच्यासारखा आपल्याकडेही पोहोचला. भुईमुगाशिवाय सातारा-सांगलीचे स्वयंपाकघर आज कल्पनेतही येत नाही, तो सुद्धा पाहुणाच.

न्यू ऑर्लिन्सची गोष्ट अशी. हैतीत (तेव्हाचे सेंट-डोमिंग) गुलामांनी बंड करून स्वातंत्र्य मिळवले. तिथून क्यूबात गेलेले नऊ हजारांवर लोक १८०९-१० मध्ये न्यू ऑर्लिन्सला आले. त्यांत गोरे होते, स्वतंत्र कृष्णवर्णीय होते आणि गुलामही होते. कॅरिबियन बेटांवर दाणे आणि भात हे रोजचे जेवण; ते त्यांच्याबरोबर आले. सोमवार हा तिथला कपडे धुण्याचा दिवस. यंत्रे नव्हती, दिवसभर धुणे चाले. म्हणून बायका सकाळीच दाण्यांचे भांडे मंद आचेवर चढवत. मध्ये एकदा ढवळले की झाले, संध्याकाळी भाताबरोबर जेवण तयार. प्रसिद्ध वादक लुई आर्मस्ट्राँग याला हा पदार्थ इतका प्रिय, की पत्राखाली ‘आपला’च्या जागी तो ‘रेड बीन्स अँड राइसली युवर्स’ असे लिही.

हे वाचले आणि मला वैल आठवला. चुलीला मागे जोडलेले दुसरे तोंड, जाळ पुढच्या भांड्याला आणि उरलेली ऊब वैलाला. भाकरी पुढे, घेवडा मागे. वेगळे सरपण नाही, वेगळी राखण नाही. अग्निकायाच्या जीवांचा विचार करणाऱ्या घराला याहून काटकसरीची आच कुठली? न्यू ऑर्लिन्सची धोबीण-सुगरण आणि कोरेगावची शेतकरीण एकमेकींना कधी भेटल्या नाहीत, पण दोघींची अडचण एकच होती: हात दुसऱ्या कामात आणि घरच्यांना वेळेवर जेवण.

स्लो कुकरचा जन्मही एका धर्मनियमातून झाला, हे मला फार आवडते. ज्यू लोकांच्या शब्बाथला, म्हणजे शुक्रवारच्या सूर्यास्तापासून शनिवारच्या संध्याकाळपर्यंत, विस्तव पेटवायचा नाही. म्हणून पूर्व युरोपात शुक्रवारी दिवस मावळायच्या आत दाण्यांचे भांडे गावच्या भट्टीत ठेवत. निवत जाणाऱ्या उबेवर ते रात्रभर शिजे. त्याला चोलेंट म्हणतात. लिथुआनियातली ही आठवण आयर्विंग नॅक्सन याला त्याच्या आईने सांगितली. त्यावरून त्याने विजेचे भांडे तयार केले, १९४० मध्ये पेटंट मिळवले. त्या भांड्याचे एक नाव होते ‘बीनरी’, म्हणजे दाण्यांसाठीच. पुढे त्याचा धंदा दुसऱ्या कंपनीने घेतला आणि १९७१ मध्ये तेच भांडे ‘क्रॉक-पॉट’ म्हणून घराघरांत गेले. त्यांचाही सूर्यास्त, आपलाही सूर्यास्त. फक्त त्यांना चूल पेटवायची नसते आणि आपल्याला जेवायचे नसते.

आता जे सांगते ते नीट वाचा. माझ्या मैत्रिणीची सून परदेशात असते. तिने भिजवलेला राजमा तसाच स्लो कुकरमध्ये घातला, खटका ‘लो’वर. दाणे मऊ दिसत होते. जेवणानंतर दोन-तीन तासांत घरातल्या तिघांना उलट्या सुरू झाल्या, लहान मुलाला दवाखान्यात न्यावे लागले. राजम्याच्या कच्च्या दाण्यात लेक्टिन नावाचे विषारी द्रव्य असते, लाल दाण्यात सर्वांत जास्त. चार-पाच कच्चे दाणेही त्रास द्यायला पुरतात. उकळीने ते नष्ट होते, पण नुसत्या उबेने नाही. उलट ८० अंशांच्या आसपास अर्धवट तापलेला दाणा कच्च्यापेक्षा पाचपट विषारी होऊ शकतो, असे अमेरिकेचे अन्न व औषध प्रशासन सांगते. आणि स्लो कुकर ‘लो’वर तासन्‌तास तेवढाच तापतो. वैलावरच्या मडक्याला आधी पुढच्या जाळावर खळखळून उकळी येई, मग ते मागे सरके. आपल्या आज्यांना लेक्टिन माहीत नव्हते, पण पहिली उकळी त्यांनी कधी चुकवली नाही.

म्हणून रीत अशी. वाटीभर घेवडा निवडा. भोक पडलेला दाणा दिसला तर बाकीचेही एकेक करून बघा. किमान पाच तास भिजवा, पाणी टाका. ताज्या पाण्यात गॅसवर अर्धा तास खळखळ उकळा, किंवा प्रेशर कुकरला शिट्ट्या काढा. त्यानंतरच स्लो कुकर. पहाटे भिजवले तर दर्शन करून, सकाळची कामे आवरून दहा-अकराला चढवता येते आणि दिवसाउजेडी ताट वाढता येते. रात्रभर लावून ठेवू नका; रात्री शिजलेले अन्न अनेक घरांत चालत नाही.

त्यांच्या मूळ कृतीत कांदा, सेलरी आणि ढोबळी मिरची असते, शिवाय लसूण आणि मांस. आपण कांदा, लसूण, मांस सोडायचे. ढोबळी मिरची ठेवा, सेलरीच्या जागी ओव्याची दोन-तीन पाने, तुपात हिंग-जिऱ्याची फोडणी, तमालपत्र, मिरपूड, लाल तिखट. शेवटी डावाच्या पाठीने थोडे दाणे भांड्याच्या कडेला चिरडा, रस्सा आपोआप दाट होतो. पंजाबी राजम्याबरोबर दही घेतात तसे इथे घेऊ नका, द्विदल होते. वर लिंबू पिळा. भात आंबेमोहर नको, चिकट होतो. इंद्रायणी तर नकोच. साधा मोकळा कोलम बरा.

वाघ्या मिळाला तर तोच घ्या. साल पातळ असते आणि रस्सा गोडसर येतो. दुकानदार ‘राजमा आहे’ म्हणाला, तर पट्टे बघून घ्या.