रंगम : साथीच्या नवसातून उपजलेली भाकणूक

आषाढातला सोमवार. सिकंदराबादच्या उज्जैनी महांकाळी मंदिरात एक बाई कच्च्या, न भाजलेल्या मडक्यावर उभी राहते. देवी अंगात आली की ती गाभाऱ्याकडे नजर लावून बोलू लागते. पाऊस कसा होईल, पिकं येतील का, रोगराई कुठवर पोचेल, आणि देवीच्या सेवेत यंदा काय उणं राहिलं. पुजारी प्रश्न विचारतात, मंत्री हात जोडून ऐकतात, तिचं बोलणं वर्तमानपत्रांत छापून येतं. हेच रंगम. कोल्हापूरकडच्या वाचकाला पट्टणकोडोलीच्या विठ्ठल-बिरदेव यात्रेतली फरांडेबाबांची भाकणूक आठवेल. तिथेही पाऊसपाणी, धान्य आणि राजकारण यांचाच कौल निघतो.

पट्टणकोडोलीचा बिरदेव हे मेंढपाळांचं दैवत. सिकंदराबादची देवी मात्र छावणीतून आली. निजाम सिकंदर जाह याच्या नावाने १८०६ मध्ये हुसेनसागराच्या उत्तरेला इंग्रजी फौजेचं ठाणं वसलं. त्या फौजेत सुरटी अप्पय्या नावाचा डोलीवाला होता. डोलीवाले जखमी आणि आजारी शिपायांना खांद्यावरून वाहून नेत. मंदिराची परंपरा सांगते की १८१३ मध्ये त्याची पलटण उज्जैनला असताना इकडे हैदराबाद-सिकंदराबादेत महामारी उसळली आणि हजारो माणसं गेली. अप्पय्या आणि त्याच्या सोबत्यांनी उज्जैनच्या महांकाळीला नवस बोलला : साथ ओसरू दे, आमच्या गावात तुझी स्थापना करू. साथ ओसरली. १८१५ मध्ये परतल्यावर त्यांनी लाकडी मूर्ती बसवली. आज दिसते ती दगडी मूर्ती १९६४ सालची.

ही साथ पटकीची होती असं बहुतेक सांगतात, काही जण प्लेगचं नाव घेतात. पटकीची पहिली जगभर पसरलेली साथ १८१७ मध्ये बंगालातल्या जेसोरकडून निघाली, आणि १८१८ मध्ये, शेवटच्या इंग्रज-मराठा युद्धाच्या धामधुमीत, दख्खनेत आणि मुंबईत शिरली. म्हणजे देवळाचं साल तिच्याही आधीचं. पटकीचे स्थानिक उद्रेक त्यापूर्वीही होत असत, त्यामुळे कथा खोटी ठरत नाही. पण सालावर फार भार टाकू नये. मला यातला छावणीचा धागा अधिक मोलाचा वाटतो. पलटणी हलल्या की रोग हलत, आणि त्याच वाटेने देव्याही हलल्या. ज्याच्या खांद्यावर रोगी होता, त्याच्याच नवसातून देवी गावात आली, हे या कथेतलं सगळ्यात माणुसकीचं सत्य आहे.

अप्पय्याने देवी आणली, पण तिच्या पूजेची रीत या मातीत आधीपासून होती. पोचम्मा, मैसम्मा, यल्लम्मा या तेलंगणातल्या गावदेव्या देवी-गोवराच्या आणि साथीच्या मालकिणी. बायका कडुनिंबाच्या डहाळ्या लावलेल्या मडक्यात भात, दूध, गूळ घालून डोक्यावरून नैवेद्य नेतात, तेच बोनम, आणि त्याचा उत्सव तो बोनालू. पुढे हळदीने माखलेला, आसूड उडवणारा पोतराजू नाचतो. आपल्या मरीआईच्या पोतराजाचा हा सख्खा भाऊ. आपल्याकडे पटकी आली की मरीआईचा गाडा शिवेपार नेऊन सोडत. तिकडे शेवटी देवीचा घट मिरवत नेऊन तिला निरोप देतात. पाहुणी म्हणून बोलवायचं, पोटभर जेवू घालायचं आणि गोडीत वाटेला लावायचं, ही साथीशी वागण्याची एकच तऱ्हा दोन्हीकडे आहे. रंगम या जेवणाच्या दुसऱ्या दिवशी होतं. तृप्त झालेल्या देवीला विचारायचं : आता तरी रागावली नाहीस ना?

पटकीचा जंतू रॉबर्ट कॉखने १८८३-८४ मध्ये इजिप्त आणि कलकत्त्यात ओळखला. हिवतापाचं मूळ डासाच्या पोटात सापडलं ते तर याच गावात : २० ऑगस्ट १८९७ रोजी, सिकंदराबादच्या बेगमपेठेत, रोनाल्ड रॉसला. रोगाचा उलगडा झाला, तरी नवस राहिला. २०१४ मध्ये वेगळं राज्य झालं आणि बोनालू हा तेलंगणाचा राज्य उत्सव झाला. २०२० मध्ये कोरोना आला तेव्हा सरकारनेच लोकांना घरोघरी बोनम करायला सांगितलं. साथीतून जन्मलेल्या उत्सवाची गर्दी साथीनेच थांबवली.

भविष्य सांगता येतं यावर माझा विश्वास नाही. तरी मडक्यावरच्या त्या बाईला भोंदू म्हणणं मला अन्यायाचं वाटतं. रंगम सांगणारी बाई अविवाहित, देवीला वाहिलेली असते. तेलंगणात देवीला मुली वाहण्याची जोगिणी नावाची प्रथा होती. त्यातल्या बहुतेक दलित घरच्या, आणि गावाने त्यांच्या देहावर हक्क सांगितला. आंध्र प्रदेशाने १९८८ मध्ये कायद्याने मुली वाहण्यावर बंदी घातली. आपल्याकडे आंबेडकरी चळवळीत अनेक पोतराजांनी जटा कापल्या आणि आसूड टाकला, तो याच जोखडातून सुटण्यासाठी. राज्य उत्सवाच्या जाहिरातींत पोतराजूचं चित्र दिमाखाने झळकतं, पण वाहिलेल्या मुलींची पुनर्वसनाची मागणी त्या दिमाखात ऐकू येत नाही. मंत्र्यांनी देवीच्या तोंडून पावसाचा अंदाज ऐकावा, आणि जोगिणींची गाऱ्हाणी त्यांच्याच तोंडून ऐकावीत.