'कुंदा' की 'केंदे'? : प्राचीन हंगेरीतील एका राजपदवीचा शोध

युरोपच्या मध्ययुगाचा इतिहास आपल्या महाविद्यालयांत शिकवला जातो तो मुख्यतः लॅटिन साधनांच्या आधारे लिहिलेल्या पुस्तकांवरून. अरबी आणि फारसी ग्रंथांचा संबंध बगदाद, कुर्तुबा किंवा दिल्लीपुरताच आहे, असा समज त्यामुळे नकळत तयार होतो. प्रत्यक्षात पूर्व युरोपातील काही लोकसमूहांच्या आरंभीच्या इतिहासासाठी अरबी-फारसी साधनांना पर्याय नाही. हंगेरीच्या मग्यार लोकांची एक प्राचीन राजपदवी हे याचे उत्तम उदाहरण होय. ही पदवी पदवी म्हणून ज्या लिखाणात नोंदली गेली, ते लिखाण अरबी आणि फारसी आहे. हंगेरीत स्वतःची लेखनपरंपरा रुजेपर्यंत ती व्यवहारातून नाहीशी झाली होती. आजचे हंगेरियन अभ्यासक तिला 'केंदे' किंवा 'क्युंद्यू' म्हणतात. प्रस्तुत लेखात या शब्दाचे वाचन, अर्थ आणि पुढील प्रवास यांचा विचार करावयाचा आहे.

मूळ नोंद

इस्फहानचा इब्न रुस्ता हा इ. स. ९०३ मध्ये हजच्या निमित्ताने हिजाझमध्ये होता. त्यानंतर काही वर्षांत त्याने 'किताब अल-आलाक अन-नफीसा' हा मोठा ग्रंथ लिहिला. त्याचा फक्त सातवा भाग आज उपलब्ध असून डच पंडित द ख्यूये यांनी तो १८९२ मध्ये लायडन येथून प्रसिद्ध केला. या भागात खझर, बुल्गार, स्लाव, रूस यांच्याबरोबर 'मजगरी' म्हणजे मग्यार लोकांचे वर्णन येते. त्यांचा सरदार वीस हजार घोडेस्वारांसह निघतो. त्याला 'कुंदा' म्हणतात आणि ही त्यांच्या राजाची पदवी आहे. परंतु प्रत्यक्ष राज्यकारभार पाहणारा पुरुष निराळा असून त्याचे नाव 'जुला' आहे. लढाई असो वा बचाव, सर्व मग्यार याच 'जुला'ची आज्ञा पाळतात.

सुमारे दीडशे वर्षांनी गझनवी सुलतान अब्दुर रशीद याच्या काळात (१०४९-१०५२) गरदेझी याने फारसीत 'झैन अल-अखबार' लिहिला. भारतीयांच्या धर्मपंथांविषयीच्या माहितीमुळे हा ग्रंथ आपल्याकडील अभ्यासकांनाही परिचित आहे. त्यातही मग्यारांची हीच दोन पदे येतात: मोठा राजा 'कुंदा' आणि कामकाज पाहणारा 'जुला'.

गरदेझीने इब्न रुस्ताची नक्कल केली असे मात्र नाही. दोघांनीही सामानी दरबाराचा वजीर जैहानी याच्या, आता हरवलेल्या, भूगोलग्रंथातील मजकूर घेतला, असे बहुतेक अभ्यासक मानतात. ही माहिती इ. स. ८७० ते ८९० च्या सुमाराची, म्हणजे मग्यार अद्याप काळ्या समुद्राच्या उत्तरेकडील गवताळ प्रदेशात राहत होते त्या वेळची आहे. ते कार्पेथियन पर्वत ओलांडून आजच्या हंगेरीत उतरले ते ८९५ च्या सुमारास. म्हणजे हा शब्द हंगेरी देशाहूनही जुना आहे.

वाचनाचा प्रश्न

मूळ लिपीत या शब्दात चारच अक्षरे आहेत: काफ, नून, दाल आणि शेवटी हे. झबर, झेर, पेश यांपैकी काहीही नाही. त्यामुळे तो कंदा, किंदा, कुंदा, केंदे असा कसाही वाचता येतो. उर्दू शिकवणाऱ्यांना ही अडचण रोजची आहे. मोडी वाचणाऱ्यांनाही ती समजेल. मोडीत ऱ्हस्व-दीर्घाचा भेद नसल्याने नवे विशेषनाम आले की वाचक असाच अडतो.

येथे पहिला मोह होतो तो ओळखीच्या शब्दाचा. याच चार अक्षरांनी अरबस्तानातील प्रसिद्ध 'किंदा' हे कबिल्याचे नाव लिहिले जाते. कवी इम्रुल कैस याच राजघराण्यातला. फारसीत 'कंदा' म्हणजे खोदलेले. उर्दूत 'कंदा करना' म्हणजे कोरणे. आपला 'खंदक' हा शब्दही जुन्या फारसीतील याच धातूपासून अरबीत गेला आणि तेथून फिरून आपल्याकडे आला. फारसीत 'कुंदा' म्हणजे लाकडाचा ओंडका. यांपैकी कशाचाही मग्यार राजाशी संबंध नाही. अक्षरे सारखी असणे आणि शब्द एक असणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

मग उच्चार ठरवायचा कसा? याचे उत्तर अन्य साधनांतून मिळते. खलिफा अल-मुक्तदिर याच्या वकिलातीबरोबर ९२१-९२२ मध्ये व्होल्गा नदीकाठच्या बुल्गारांकडे गेलेला इब्न फदलान खझर राज्यातील पदांची उतरंड देतो. सर्वांत वर थोर खाकान. त्याच्या खाली सैन्य आणि कारभार सांभाळणारा 'खाकान बेह'. त्याच्या खाली 'कुंदूर खाकान'. मग्यार दीर्घकाळ खझरांच्या प्रभावाखाली होते. म्हणून 'कुंदूर' आणि 'कुंदा' यांचे मूळ एकच असावे, असे मत मांडले गेले. लॅटिन लिखाणातही हे नाव 'कुंदू' आणि 'कुंद' या रूपांत येते. त्यामुळे पहिल्या अक्षरावर पेश घेऊन 'क्युंद्यू' असे वाचन अनेकांना पटते. 'केंदे' हे रूप अभ्यासकांच्या लिखाणात रूढ झालेले आहे.

अर्थाबाबत एकमत नाही. कोणी तुर्की 'क्युन' म्हणजे सूर्य या शब्दाकडे बोट दाखवतात. कोणी मंगोल भाषेतील 'जड, वजनदार, मानाचा' या अर्थाच्या 'क्युंद्यू' शब्दाकडे. पदवी तुर्की-खझर परंपरेतली आहे एवढे बहुतेकांना मान्य आहे.

दोन राजे

एक राजा मानाचा आणि एक कारभाराचा, ही रचना खझरांकडे स्पष्ट दिसते. त्यांचा खाकान पवित्र मानला जाई आणि क्वचितच लोकांसमोर येई. सत्ता दुसऱ्याच्या हाती असे. या मानाला किंमतही होती. खाकानाची कारकीर्द चाळीस वर्षांपलीकडे गेली तर त्याला ठार करीत, असे इब्न फदलान सांगतो. राज्यावर संकट आले की लोक खाकानाच्या जिवाची मागणी करीत, असे मसऊदी लिहितो.

मग्यारांचा 'कुंदा' असाच पवित्र राजा होता का? चौदाव्या शतकातील हंगेरीच्या सचित्र बखरीत एक त्रोटक वाक्य आहे. आर्पादचा पिता आल्मोश याला पॅनोनियात, म्हणजे नव्या भूमीत, प्रवेश करता येत नव्हता म्हणून एर्देय प्रांतात मारण्यात आले, असा त्याचा आशय आहे. खझर प्रथेच्या प्रकाशात काही अभ्यासकांनी हा पवित्र राजाचा बळी मानला. ही शक्यता विचार करण्यासारखी आहे. परंतु घटना आणि बखर यांच्यात साडेचारशे वर्षांचे अंतर आहे, हे विसरून चालणार नाही.

याहून मोठा वाद आर्पादसंबंधी आहे. बायझंटाईन बखरींनुसार ८९४-८९५ च्या सुमारास बादशहाचा दूत डॅन्यूबकाठी मग्यारांच्या दोन प्रमुखांना भेटला: आर्पाद आणि कुर्सान. पुढे बव्हेरियाच्या लोकांनी कुर्सानला मेजवानीस बोलावून दगा देऊन मारले. ही घटना बहुधा ९०४ ची. तिची नोंद करताना जर्मन प्रदेशातील एक वार्षिक वृत्तांत त्याला राजा म्हणतो, तर दुसरा सेनानायक म्हणतो. दोघांपैकी 'कुंदा' कोण आणि 'जुला' कोण? कुर्सान 'कुंदा' असेल, तर हंगेरीचा संस्थापक मानला गेलेला आर्पाद हा मूळचा दुसऱ्या क्रमांकाचा माणूस ठरतो. आर्पाद 'कुंदा' असेल, तर कुर्सान हा लष्करी नेता ठरतो. दोन्ही बाजूंनी नामवंत इतिहासकारांनी लिहिले आहे. चार अक्षरांच्या एका नोंदीवर एका राष्ट्राच्या आरंभाची मांडणी कशी अवलंबून राहते, हे यावरून दिसून येते.

पदवीचे पुढे काय झाले?

बायझंटाईन सम्राट सातवा कॉन्स्टंटाईन याने ९५० च्या सुमारास आपल्या पुत्रासाठी राज्यकारभारावर ग्रंथ सिद्ध केला. त्यात मग्यारांचा पहिला प्रमुख आर्पादच्या वंशातला असल्याचे सांगून 'गिलास' आणि 'कार्खास' ही दोन पदे दिली आहेत. ही माणसांची नावे नसून पदे आहेत, असा खुलासाही तो मुद्दाम करतो. 'गिलास' म्हणजेच आपला 'जुला'. 'कुंदा' मात्र त्यात कोठेही नाही. ९८२ च्या 'हुदूद अल-आलम' या फारसी भूगोलग्रंथातही मग्यारांच्या राजाला 'जुला' म्हटले आहे. कुर्सानच्या मृत्यूनंतर सर्वोच्च सत्ता आर्पादच्या घराण्यात एकवटली आणि मानाचे वेगळे पद उरले नाही, असे यावरून अनुमान काढले जाते.

इ. स. १००० च्या अखेरीस किंवा १००१ च्या आरंभी स्टीफनला ख्रिस्ती राजा म्हणून मुकुट चढवला गेला. राजासाठी हंगेरियन भाषेत जो शब्द रूढ झाला तो 'किराय'. हा स्लाव भाषांतून आला असून त्याच्या मुळाशी फ्रँक सम्राट शार्लमेन याचे 'कार्ल' हे नाव आहे. सीझरच्या नावाचा जसा 'कैसर' झाला तसाच हा प्रकार. एका माणसाचे नाव पदवी बनले आणि जुनी पदवी मागे पडली.

जुन्या पदव्यांच्या वाट्याला याच्या नेमके उलट आले. १२०० च्या सुमारास, किंवा त्यानंतर लवकरच, एका अनामिक राजलेखकाने 'गेस्ता हंगारोरूम' हा लॅटिन ग्रंथ लिहिला. त्यात सात सरदारांची यादी असून त्यांत 'कुंदू, कुर्सानचा पिता' असे एक नाव आहे. तेराव्या शतकाच्या उत्तरार्धातील केझाच्या शिमोनच्या बखरीत 'कुंद' आणि 'ग्यूला' हे दोघेही सरदार म्हणून वावरतात. म्हणजे तीन-चार शतकांत पदांचा अर्थ विसरला गेला आणि पदांची माणसे झाली. आपल्याला हे नवे नाही. देशमुख, कुलकर्णी, इनामदार, काझी, मुजावर ही मूळची पदे आज आडनावे आहेत. फरक इतकाच, की आपल्याकडे त्या पदांची कागदपत्रे शिल्लक आहेत. मग्यार पदाची आठवण मात्र परक्या भाषांतील ग्रंथांत राहिली.

मग्यारांच्या आगमनाची सहस्राब्दी १८९६ मध्ये साजरी झाली. त्या निमित्ताने बुडापेस्टच्या वीरचौकातील स्मारकाची योजना पुढे आली. तेथे आर्पादसह सात सरदारांचे अश्वारूढ पुतळे आहेत. त्यांतील एक कोंद, म्हणजे अनामिकाच्या यादीतला 'कुंदू' होय. अरबी नोंद लक्षात घेतली तर तो पुतळा एखाद्या माणसाचा नसून एका पदवीचा असणे शक्य आहे.

'जुला'चे नशीब त्या मानाने बरे. ग्यूला हे पुरुषाचे नाव हंगेरीत आजही ठेवले जाते. स्टीफनची आई शारोल्त ही एर्देयच्या ग्यूलाची कन्या होती, आणि १००३ मध्ये स्टीफनने आपल्या मामाचे राज्य जिंकून घेतले. हे नाव भारतातही येऊन गेले. रवींद्रनाथ टागोरांच्या निमंत्रणावरून १९२९ मध्ये शांतिनिकेतनात इस्लामी विद्या शिकवण्यासाठी आलेले आणि पुढे दिल्लीत इस्लाम स्वीकारून अब्दुल करीम झालेले जर्मानुस यांचे मूळ नाव ग्यूलाच होते. परदेशी लिखाणात ते 'जुलियस' असे छापले जाई, कारण ध्वनिसाम्यामुळे ग्यूला आणि रोमन जुलियस हे एकच नाव समजण्याचा प्रघात होता. वस्तुतः दोहोंचे मूळ वेगळे. इब्न रुस्ताने 'जीम' या अक्षराने लिहिलेला शब्द त्या रोमन नावापासून निघालेला नाही.

काही निष्कर्ष

या विवेचनातून अध्यापनाच्या दृष्टीने तीन गोष्टी लक्षात येतात. पहिली, परभाषेतील विशेषनाम वाचताना केवळ एका हस्तलिखितावर किंवा एका लिपीवर विसंबता येत नाही. अरबी, फारसी, ग्रीक आणि लॅटिन रूपे शेजारी मांडल्यावरच उच्चाराची दिशा कळते. दुसरी, उल्लेख नसणे हाही पुरावा असतो, परंतु तो जपून वापरावा लागतो. कॉन्स्टंटाईन 'कुंदा'विषयी गप्प आहे, यावरून ते पद ९५० पर्यंत लुप्त झाले होते हे अनुमान पटते, पण ते कधी आणि कसे गेले हे त्यावरून सिद्ध होत नाही. तिसरी, ध्वनिसाम्यावरून व्युत्पत्ती सांगण्याचा मोह आवरला पाहिजे. आपल्याकडे गावांच्या आणि कुळांच्या नावांबाबत अशा व्युत्पत्त्या सर्रास छापल्या जातात आणि विद्यार्थी त्या इतिहास म्हणून पाठ करतात.

आपल्या महाविद्यालयांत अरबी-फारसी-उर्दूचे वर्ग एका बाजूला आणि इतिहासाचे वर्ग दुसऱ्या बाजूला चालतात. भाषेच्या वर्गात इब्न रुस्ता आलाच तर गद्याचा नमुना म्हणून येतो, आणि इतिहासाच्या वर्गात तो बहुधा येतच नाही. 'कुंदा'सारखा एक शब्द दोन्ही वर्गांत मिळून शिकवता येण्याजोगा आहे. इब्न रुस्ताची ती चार अक्षरे फळ्यावर लिहावीत, विद्यार्थ्यांना सुचतील तितकी वाचने मांडायला लावावीत आणि मग प्रत्येक वाचनाला पुरावा विचारावा. साधनचिकित्सा शिकवण्यासाठी याहून मोठी सामग्री लागत नाही.