‘मिले सुर’मागचा जॅझवाला: कोण आहेत लुईझ बँक्स?

१५ ऑगस्ट १९८८ ला दूरदर्शनवर ‘मिले सुर मेरा तुम्हारा’ पहिल्यांदा लागलं. पंडित भीमसेन जोशींचा आवाज सगळ्यांच्या कानात आहे. चाल अशोक पत्कींची, हेही आता बऱ्याच जणांना माहीत झालंय. तेच पत्की, ज्यांनी ‘आभाळमाया’ आणि ‘वादळवाट’ची शीर्षकगीतं केली. पण या गाण्याच्या संगीत संयोजनात मोठा वाटा असलेल्या लुईझ बँक्स यांचं नाव घेतलं, की समोरचा विचारतो, हे कोण?

हे भारतातले सगळ्यात नावाजलेले जॅझ पियानोवादक. बहुतेक भारतीयांनी त्यांचं काम ऐकलंय, फक्त जॅझ म्हणून नाही.

नाव परदेशी वाटलं तरी माणूस दार्जिलिंगचा. ११ फेब्रुवारी १९४१ चा जन्म, मूळ नाव डंबर बहादूर बुढापृथी. वडील पुष्कर बहादूर ट्रम्पेट वाजवायचे आणि व्यवसायासाठी त्यांनी जॉर्ज बँक्स हे नाव घेतलं होतं. मुलाचं नाव त्यांनी थेट लुई आर्मस्ट्राँगवरून ठेवलं. आणखी एक गंमत म्हणजे राजेशाहीच्या काळातल्या नेपाळच्या राष्ट्रगीताची चाल लुईझ यांच्या आजोबांची. आजोबांची चाल एका देशाचं राष्ट्रगीत झाली आणि नातवाने शेजारच्या देशाचं जवळजवळ दुसरं राष्ट्रगीत सजवलं!

जॅझमध्ये पियानोवाला करतो काय?

आधी ठरलेली चाल वाजवायची. मग त्याच चालीच्या कॉर्ड्सवर एकेकाने पाळीपाळीने तिथल्या तिथे नवं रचायचं, आणि शेवटी पुन्हा चालीवर यायचं. ख्याल ऐकणाऱ्याला हे फार परकं वाटू नये. बंदिश, विस्तार आणि परत मुखडा, असंच काहीसं. फरक वाद्यात आहे. पियानोत मींड नाही. दोन पट्ट्यांच्या मधला सूर त्यातून निघतच नाही. उलट एकाच वेळी अनेक सूर दाबून त्या चालीखालची सगळी जमीन पियानोवाला बदलू शकतो. गाणारा तोच सूर धरून बसला असला, तरी खाली कॉर्ड बदलली की तोच सूर कधी उदास वाटतो, कधी मोकळा. बँक्स यांचं कौशल्य इथं आहे, आणि जॅझ न वाजवतानाही ते त्यांच्या उपयोगी पडलं.

पण पोट कसं भरायचं?

हा प्रश्न भारतातल्या प्रत्येक जॅझवाल्यापुढे होता. १९३५ मध्ये लिऑन ॲबी आपला कृष्णवर्णीय बँड घेऊन मुंबईच्या ‘ताज’मध्ये आले, तेव्हापासून जॅझ इथं हॉटेलांच्या आधारानं जगला. शिकागोत आर्मस्ट्राँगबरोबर वाजवलेले पियानोवादक टेडी वेदरफोर्डही ‘ताज’मध्ये वाजवायचे. १९४५ मध्ये कोलकात्यात पटकीने त्यांचा मृत्यू झाला. त्या काळात तयार झालेले गोव्याचे वादक पुढे हिंदी सिनेमाच्या ऑर्केस्ट्रात गेले. मूळ पुणतांब्याचे सी. रामचंद्र आणि ट्रम्पेटवादक चिक चॉकलेट यांनी ‘अलबेला’त जी धमाल केली, ती यातूनच.

बँक्सही त्याच वाटेने आले. दार्जिलिंग, काठमांडू, मग कोलकात्याच्या पार्क स्ट्रीटवरचं ‘ब्लू फॉक्स’. तिथं गायिका पॅम क्रेन आणि गोव्याचे सॅक्सोफोनवादक ब्राझ गोन्साल्विस यांच्याबरोबर ते वाजवत. तिथंच आर. डी. बर्मन यांनी त्यांना ऐकलं आणि ‘मुक्ती’ (१९७७) या चित्रपटासाठी पियानो वाजवायला बोलावलं. पार्क स्ट्रीटचे बँड त्याच दशकात ओसरू लागले होते. बँक्स मुंबईत आले ते कायमचे.

मुंबईने त्यांना काम दिलं, पण ते जाहिरातींचं. तीस सेकंदांत चाल लोकांच्या डोक्यात बसली पाहिजे, हा तिथला नियम. जॅझमध्ये एकेक सोलो पाच-पाच मिनिटं चालतो. तरी जिंगल्सच्या दुनियेत ते आघाडीवर राहिले आणि त्या पैशावर जॅझ चालू ठेवला. याला तडजोड म्हणणारे आहेत, पण दुसरा पर्याय काय होता? जॅझची तिकिटं विकून घर चालवणं इथं कुणालाच सोपं नव्हतं. १९७८ मध्ये निरंजन झवेरी यांनी सुरू केलेल्या ‘जॅझ यात्रा’साठी मुंबईचं रंगभवन गच्च भरायचं, पण महोत्सवाचे दिवस मोजकेच. पुढे शांतता क्षेत्राच्या नियमांमुळे रंगभवनही बंद पडलं.

बँक्स यांनी भारतीय संगीताशीही सूर जुळवले. कर्नाटक गायिका रमामणी यांच्यासोबत इंडो-जॅझ झालं. नंतर शंकर महादेवन, शिवमणी आणि बासवादक कार्ल पीटर्स यांच्यासोबत ‘सिल्क’ हा बँड.

सगळ्यात मोठी दाद मात्र बाहेरून आली, तीही साठी उलटल्यावर. २००८ मध्ये जॉन मॅक्लॉफ्लिन यांचा ‘फ्लोटिंग पॉइंट’ आणि माइल्स डेव्हिस यांच्या संगीतावरचा ‘माइल्स फ्रॉम इंडिया’ हे दोन अल्बम आले. दोन्हींत बँक्स आहेत, आणि दोन्हींना ग्रॅमीच्या एकाच विभागात नामांकन मिळालं. म्हणजे स्पर्धा स्वतःशीच! पुरस्कार गेला रँडी ब्रेकर यांच्या अल्बमला.

मुलगा जिनो ड्रम्स वाजवतो. ३० एप्रिलच्या आंतरराष्ट्रीय जॅझ दिनी मुंबईत बापलेक एकाच मंचावर दिसले आहेत. ऐकायला सुरुवात करायची असेल तर ‘माइल्स फ्रॉम इंडिया’पासून करा. त्यात शंकर महादेवन यांचा ओळखीचा आवाजही भेटेल.