कापा, चिकटवा, हसा

मंडळी, 1900 सालची एक मूकफिल्म आहे, फ्रान्सच्या अलिस गी बाईंची. यूट्यूबवर मिळते, जेमतेम दोन मिनिटांची. डॉक्टर पेशंटचे हात-पाय करवतीने कापतात आणि जुन्या अवयवांतून दुसरे शोधून चिकटवतात. असेंब्ली शॉपच म्हणा! त्याच वर्षी इंग्लंडच्या हेपवर्थने मोटारीचा स्फोट दाखवला. आकाशातून हात-पाय पडतात, आणि पोलीस ते नीट लावत बसतो.

युक्ती साधी. कॅमेरा थांबवायचा, माणसाच्या जागी बाहुला ठेवायचा, कॅमेरा पुन्हा चालू. पॉज, रिप्लेस, रिझ्यूम. आमच्या नगरकडच्या जत्रेत नागकन्येचा तंबू असायचा, बाईचं डोकं आणि खाली नागाचं धड. तिथे आरसे आणि पडदे, इथे कॅमेरा.

आता आपल्याकडे या. पॅरिसमध्ये लोक कापलेल्या पायांवर हसत होते, त्याच सुमारास गोध्र्यात फोटो स्टुडिओ चालवणाऱ्या एका तरुणाची बायको आणि मूल प्लेगने गेलं. हा तरुण म्हणजे धुंडिराज गोविंद फाळके. पुढे ते जादू शिकले आणि आडनाव उलटं करून 'प्रोफेसर केळफा' नावाने प्रयोग करू लागले. मेलिएसही मुळात जादूगारच, हा योगायोग नाही असं मला वाटतं. माणूस गायब करून परत आणायची सवय दोघांच्याही हाताला आधीपासूनच होती.

पण फाळक्यांचा खरा वैद्यकीय प्रसंग पडद्याबाहेरचा. 1911 च्या सुमारास रोज चार-पाच तास सिनेमे बघायचे, झोप नावालाच. शेवटी दिसेनासं झालं. डॉ. प्रभाकरांनी उपचार केले, तीन-चार चष्मे दिले, तेव्हा कुठे नजर परतली. (आणि आपण दहा तास मॉनिटरसमोर बसून तक्रार करतो!) मग गडी काय करतो? विमा पॉलिसी गहाण टाकून 1912 मध्ये थेट लंडन गाठतो, आणि तिथे भेटतो कोणाला, तर त्याच हेपवर्थला! त्याचा स्टुडिओ बघून, कॅमेरा विकत घेऊन परत.

1913 च्या 'मोहिनी भस्मासुर'बरोबर फाळक्यांनी 'पिठाचे पंजे' ही छोटी विनोदी फिल्म जोडली. मोठ्या चित्रपटाला असा हलकाफुलका तुकडा जोडायची तेव्हा पद्धतच होती. पण त्यांच्याकडचं शरीरबदलाचं सगळ्यात भारी काम ट्रिकशिवाय झालं. ग्रँट रोडच्या हॉटेलातला अण्णा साळुंके 'राजा हरिश्चंद्र'मध्ये तारामती झाला. 1917 च्या 'लंकादहन'मध्ये तर राम तोच आणि सीताही तोच. ना करवत, ना डिंक. नुसतं लुगडं आणि मुकुट.