क्लार्क, ॲलन

ॲलन क्लार्क (२८ ऑक्टोबर १९३५ – २४ जुलै १९९०) हे ब्रिटिश दूरचित्रवाणी व चित्रपट दिग्दर्शक होते. चित्रपटगृहांसाठी त्यांनी तीनच चित्रपट केले आणि त्यांचे बाकी सगळे महत्त्वाचे काम दूरचित्रवाणीवर झाले. त्यामुळे चित्रपटांच्या इतिहासग्रंथांत त्यांना दीर्घकाळ जेमतेम जागा मिळाली; प्रत्यक्षात, सत्तेच्या धाकाखाली वावरणाऱ्या माणसाची हालचाल पडद्यावर कशी दाखवावी या प्रश्नाचा इतका चिवट पाठपुरावा करणारे दिग्दर्शक ब्रिटनमध्ये फार थोडे झाले.

लिव्हरपूलसमोर मर्सी नदीच्या मुखाशी वसलेल्या वॉलसी या गावी एका कामगार कुटुंबात त्यांचा जन्म झाला. सक्तीची लष्करी सेवा हाँगकाँगमध्ये पूर्ण केल्यावर ते कॅनडात गेले आणि टोरांटोच्या रायर्सन संस्थेत त्यांनी नभोवाणी व दूरचित्रवाणी या विषयांचे शिक्षण घेतले. इंग्लंडला परतल्यावर त्यांनी असोसिएटेड-रेडिफ्यूजन या खासगी दूरचित्रवाणी कंपनीत नोकरी धरली, त्याच काळात ईलिंगच्या क्वेस्टर्स या हौशी रंगमंचावर नाटके बसवली आणि १९६७ पासून ते दूरचित्रवाणीसाठी अर्ध्या तासाची नाट्ये दिग्दर्शित करू लागले.

१९६९ मध्ये ते बीबीसीत आले, तेव्हा तेथे स्वतंत्र दूरचित्रनाट्याचा बहराचा काळ होता. मालिकेचे कथासूत्र वा कायमची पात्रे नसलेली, एकाच प्रक्षेपणात पुरी होणारी ही नाट्ये ‘द वेन्सडे प्ले’ आणि १९७० पासून ‘प्ले फॉर टुडे’ या सदरांत दाखवली जात व समकालीन प्रश्नांवर थेट बोलत. या पद्धतीत लेखक हाच मुख्य मानला जाई. क्लार्क यांनीही लेखकाला मान देऊन, संहितेच्या स्वभावाप्रमाणे शैली बदलत काम केले. ‘टू एन्करेज द अदर्स’ (१९७२) मध्ये त्यांनी १९५३ साली वयाच्या एकोणिसाव्या वर्षी फाशी दिलेल्या डेरेक बेंटली या तरुणाचा खटला, त्याच्यावरील अन्याय उघड व्हावा अशा रीतीने, पुन्हा उभा केला. बेंटलीला दोषी ठरवणारा निकाल न्यायालयाने रद्द केला तो १९९८ मध्ये. याउलट डेव्हिड रुडकिन यांच्या संहितेवरील ‘पेंडाज फेन’ (१९७४) मध्ये वूस्टरशरच्या ग्रामीण भागातील एका धर्मोपदेशकाच्या मुलाला देवदूत, एल्गर हा संगीतकार आणि मर्सिया या जुन्या इंग्लिश राज्याचा, ख्रिस्ती धर्म न स्वीकारलेला शेवटचा राजा पेंडा यांचे साक्षात्कार होतात आणि देश, धर्म व लैंगिकता यांविषयीच्या त्याच्या पक्क्या समजुती ढासळतात. दोन्ही कृती एकाच दिग्दर्शकाच्या आहेत हे सांगितल्याशिवाय कळू नये, इतक्या त्या वेगळ्या आहेत.

‘स्कम’मुळे या कारकिर्दीला वळण मिळाले. बोर्स्टल म्हणजे तरुण गुन्हेगारांना ‘सुधारण्यासाठी’ ठेवण्याचे बंदिस्त आवार. तेथील मारहाण, वंशद्वेष, बलात्कार आणि आत्महत्या यांवर रॉय मिंटन यांनी लिहिलेले हे नाट्य १९७७ मध्ये तयार झाले, पण ते प्रत्यक्ष वार्तापटासारखे भासते आणि इतक्या घटना एकत्र आणून दिशाभूल करते, असे म्हणत बीबीसीच्या वरिष्ठांनी त्याचे प्रक्षेपण रोखले. क्लार्क व मिंटन यांनी माघार न घेता तीच कथा १९७९ मध्ये चित्रपट म्हणून पुन्हा चित्रित केली. दोन्ही वेळा कार्लिनची मध्यवर्ती भूमिका रे विन्स्टन यांनी केली. या कथेतील खरा विषय हिंसेपेक्षा व्यवस्था हा आहे : कार्लिन मारहाणीच्या बळावर कोठडीतील मुलांचा म्होरक्या होतो आणि अधिकारी त्याला ते करू देतात, कारण त्यामुळे शिस्त टिकते.

‘मेड इन ब्रिटन’ (१९८३ मध्ये प्रक्षेपित) मध्ये क्लार्क यांना स्टेडीकॅम हे आपले साधन सापडले. स्टेडीकॅम हे कॅमेरा चालकाच्या अंगावरील पट्ट्यांना स्प्रिंगच्या हाताने जोडणारे उपकरण असून त्यामुळे चालता चालताही हादरे न बसता चित्रण करता येते. टिम रॉथ यांनी साकारलेला ट्रेव्हर हा कपाळावर स्वस्तिक गोंदवलेला सोळा वर्षांचा मुलगा चालत राहतो आणि कॅमेरा त्याची पाठ सोडत नाही. डेव्हिड लेलंड यांच्या संहितेतील या बुद्धिमान, वंशद्वेष्ट्या मुलाची कीव करण्याची वा त्याला झिडकारून मोकळे होण्याची सोय प्रेक्षकाला उरत नाही. पुढे ‘कॉन्टॅक्ट’ (१९८५) मध्ये आयर्लंडच्या सीमेवर गस्त घालणारे ब्रिटिश सैनिक, ‘क्रिस्टीन’ (१९८७) मध्ये उपनगरातील घरोघरी हेरॉइन पोचवणारी किशोरी आणि ‘रोड’ (१९८७) मध्ये ओसाड रस्त्यावरून चालत नवऱ्याच्या बेकारीविषयी बोलणारी स्त्री अशी चालणारी माणसे येत राहिली. त्याच वर्षीच्या ‘रिटा, सू अँड बॉब टू’ या चित्रपटात मात्र अँड्रिया डनबार यांच्या ब्रॅडफर्डच्या कामगार वसाहतीतील भाषेमुळे मोकळे हसू आहे.

१९८९ मधील ‘एलिफंट’ हे या शोधाचे टोक होय. उत्तर आयर्लंडमधील संघर्षावरील या एकोणचाळीस मिनिटांच्या कृतीत जवळजवळ एकही संवाद नाही. कोणीतरी चालत येतो, कोणाला तरी गोळी घालतो, मृतदेहावर कॅमेरा रेंगाळतो, आणि हे अठरा वेळा घडते. मारणारा कोणत्या बाजूचा, कारण काय, हे सांगितलेले नाही. कारण कळले की मृत्यू पटू लागतो, म्हणून कारणच काढून घेण्याचा हा निर्णय अतिशय धाडसी होता. या कृतीचे निर्माते डॅनी बॉइल होते, ज्यांनी पुढे मुंबईत ‘स्लमडॉग मिलियनेअर’ केला. अमेरिकी दिग्दर्शक गस व्हॅन सँट यांनी शाळेतील गोळीबारावरच्या आपल्या २००३ च्या चित्रपटाला हेच नाव दिले व पाठोपाठ चालणाऱ्या कॅमेऱ्याची पद्धतही स्वीकारली. ‘एलिफंट’प्रमाणेच १९८९ मध्ये प्रक्षेपित झालेल्या ‘द फर्म’ मध्ये गॅरी ओल्डमन यांनी रंगवलेला फुटबॉलच्या दंगलखोरांचा म्होरक्या हा घरे विकणारा, सुस्थितीतला संसारी गृहस्थ आहे. दारिद्र्यातूनच हिंसा येते हे सोपे स्पष्टीकरण क्लार्क यांनी येथे नाकारले.

कर्करोगाने वयाच्या चोपन्नाव्या वर्षी त्यांचे निधन झाले. ‘स्कम’ची मूळ आवृत्ती बीबीसीने १९९१ मध्ये दाखवली. बाफ्टा या संस्थेने दूरचित्रवाणीतील सर्जनशील कामगिरीसाठी त्यांच्या नावाने पुरस्कार दिला आणि ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने २०१६ मध्ये त्यांच्या बीबीसीसाठीच्या उपलब्ध कृतींचा संच प्रसिद्ध केल्यामुळे, एकदा दाखवून विसरली गेलेली अनेक नाट्ये प्रथमच सलग पाहता येऊ लागली.