चौघांपैकी आपला कोण?

नागरिकशास्त्र म्हणजे इतिहासाच्या पुस्तकाला शेवटी जोडलेली चार पाने, असा समज आम्हा शिक्षकांतही आहे. उर्दू माध्यमाच्या वर्गात सोलापूरचा लढा शिकवताना तो टिकत नाही.

मे १९३० मध्ये गांधीजींना अटक झाली आणि सोलापूर पेटले. गोळीबार झाला, मार्शल लॉ पुकारला गेला. राष्ट्रीय झेंडा मिरवणे गुन्हा ठरले. १२ जानेवारी १९३१ रोजी मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे आणि कुर्बान हुसेन यांना येरवडा तुरुंगात फाशी दिली गेली.

शेवटचे नाव ऐकताच मुले सरसावून बसतात. "हे आपले ना?" आम्ही विचारतो, "मग बाकीचे तिघे कोणाचे?" वर्ग गप्प होतो.

कबूल करायला हवे, कुर्बान हुसेनांचे नाव आम्हीही निष्ठेचा दाखला म्हणून पाठ करून घेत आलो. नागरिकाला असा दाखला कशाला हवा? त्याला प्रश्न हवेत. झेंडा हा गुन्हा कोणी ठरवला? तेव्हा मताचा हक्क मालमत्ता आणि करावर ठरे. मग गिरणी कामगाराचे मत कोणी विचारले? भूगोलाच्या तासाला कापूस आणि गिरण्या समजल्या की हा कामगार डोळ्यांपुढे उभा राहतो. १९५० च्या संविधानातील १९, २१ आणि ३२६ ही कलमे मग रुक्ष वाटत नाहीत. उर्दूच्या तासाला सरनामा वाचताना त्यातल्या 'हम' या शब्दावर आम्ही थांबतो. त्या 'हम'मध्ये ते चौघेही आहेत, आणि आमचा वर्गही.